रामरतीच्या नावाखालची रेघ

निवडणूक आली की लखनौत ते सगळ्यांत आधी भिंतींना कळायचं. संध्याकाळी पाहिलेली पांढरी भिंत सकाळी कुणाच्या तरी नावानं आणि चिन्हानं भरून गेलेली असायची, आणि चुन्याचा ओला वास आठवडाभर तो रस्ता सोडायचा नाही. आता भिंती रंगवायला परवानगी लागते म्हणे, त्यामुळे हल्ली निवडणूक आधी मोबाइलला कळते. थंडी मात्र तीच आहे. सकाळी दहापर्यंत धुकं, धुक्यात न दिसणारी रिक्षा, आणि तिच्यावर बांधलेल्या भोंग्यातून येणारा, माणूस नसलेला आवाज. तो आवाज ऐकला की माझ्या उजव्या हाताची तर्जनी आपोआप एका काल्पनिक कागदावरून खाली सरकायला लागते. बायको म्हणते, हे वयाचं आहे, डॉक्टरला दाखवा. मी म्हणतो, हे त्र्याण्णव सालचं आहे, डॉक्टर काय करणार.

गेल्या आठवड्यात यादीचं काम करणाऱ्या बाई घरी चार पावत्या देऊन गेल्या. तीन नेहमीच्या, चौथी माझ्या मुलीची, ईराची. तिचं हे पहिलंच मत. पावती हातात धरून ती घरभर फिरली.

"पापा, मेरा नंबर आपके ठीक नीचे है."

"असणारच. एका घराचे लोक एकाखाली एक येतात."

"अच्छा, वो लिफाफे वाली अम्मा की कहानी सुनाओ ना. इलेक्शन वाली."

आमच्या घरात गोष्टी सांगायचं खातं माझ्याकडे आहे. ते कुणी दिलं नाही, मीच घेतलं. पुण्यात, मिरजेत कुणाचं लग्न असलं आणि पंगती उठल्या की एखादा मावसभाऊ म्हणतो, "लखनौचा लिफाफा सांग रे," आणि मी नको नको म्हणत सतरंजीच्या मधोमध जाऊन बसतो. ही गोष्ट मी किती वेळा सांगितली असेल कोण जाणे. कुठे थांबायचं, कुठे अम्माचा आवाज काढायचा, कुठे लोक हसणार, सगळं पाठ आहे. त्या दिवशीही सांगितली. ईरा हसली. मग पावतीची घडी घालता घालता म्हणाली, "फिर अम्मा का क्या हुआ? मतलब, आगे?"

इतक्या वर्षांत हे कुणीच विचारलं नव्हतं.

"पुढे काय, काही नाही," मी म्हणालो आणि दूध उतू जाईल म्हणून स्वयंपाकघरात गेलो. दूध सकाळीच तापवून झालं होतं.

*

तेव्हा आम्ही मानक नगरच्या रेल्वे कॉलनीत राहायचो. बाबा मिरजेहून नोकरीसाठी आले ते इथलेच झाले, निवृत्त झाले, आणि मग त्यांच्याच कार्यालयात मी कनिष्ठ पदावर चिकटलो. पंचविशीत होतो. एका क्वार्टरमध्ये आई, बाबा, मी आणि बाबांची वही. वहीला माणसांत मोजण्याचं कारण असं की, घरात तिला स्वतंत्र शेल्फ होतं आणि मला नव्हतं. उत्तर प्रदेशच्या विधानसभेच्या प्रत्येक निवडणुकीचा निकाल बाबा त्या वहीत उतरवत. मतदारसंघ, जिंकलेला, हरलेला, फरक, बाद मतं. आकाशवाणीवरून एक, दूरदर्शनवरून दुसरा आणि वर्तमानपत्रातून तिसरा आकडा आला की ते तिन्ही पेन्सिलीनं लिहीत आणि गॅझेट येईपर्यंत शाई लावत नसत. त्यांना स्वतःला राजकारणाचं सोयरसुतक नव्हतं. "माझा पक्ष बेरजेचा," असं म्हणायचे.

अम्मा रोज सकाळी भाजी घेऊन यायची. कानपूरच्या लाइनवर दोन स्टेशनं पलीकडे तिचं गाव होतं. पहाटेच्या पॅसेंजरनं येई, डोक्यावरची टोपली आमच्या पायरीवर टेकवी आणि हाक मारी, "भौजी, सोया लाए हैं." सोया म्हणजे शेपू. आईला शेपू मिळाला की ती मिरजेत पोचायची, आणि अम्माला हे पक्कं माहीत होतं. मी दारात दात घासत उभा असलो तर टोपलीतली एक मुळी माझ्याकडे फेकून म्हणायची, "भैया, ब्याह कब करोगे? हमार बाल पक गए राह देखते-देखते." कॉलनीत सगळे तिला अम्मा म्हणत. आठ वर्षं मीही म्हणत होतो. तिचं नाव काय, हा प्रश्न मला कधी पडला नाही. भाजी घ्यायला नाव लागत नाही.

त्र्याण्णवच्या नोव्हेंबरात निवडणूक लागली आणि माझ्या टेबलावर ड्यूटीचं पत्र येऊन पडलं. मतदान अधिकारी प्रथम. त्यातला 'प्रथम' मला फार आवडला होता, हे आज कबूल करतो. मतदान केंद्राचं नाव वाचलं तर ते अम्माचं गाव. दुसऱ्या दिवशी पायरीवर तिला सांगितलं. तिनं हातातली मेथीची जुडी खाली ठेवली.

"सच भैया? तुम बैठोगे?"

"हो. हाँ. यादी मेरे पास रहेगी."

मग तिनं आईला जे सांगितलं ते मी दाराआडून ऐकलं. मागच्या निवडणुकीला ती शेतात होती. दुपारी शाळेवर गेली तर तिचं मत पडून गेलेलं. तिच्या जाऊबाईंनी, म्हणजे जिठानीनं, स्वतःचं दिलं आणि हिचंही देऊन टाकलं. वर घरी येऊन हसत म्हणाली, "तू खेत में रही, हमने सोचा बेकार जाएगा." गाव हसलं. अम्मा पन्नाशीची झाली होती आणि त्या लोखंडी पेटीत तिनं आजवर एकदाही काही टाकलं नव्हतं. आधीच्या वेळी सासरे टाकायचे, मग नवरा, मग ही जाऊ.

"इस बार भैया बैठे हैं," ती टोपली उचलता उचलता म्हणाली. "देखें कौन डालता है."

*

त्या सकाळचा वास अजून येतो. लाख वितळवताना जो गोडसर, करपलेला वास येतो तो, आणि त्यात शाळेच्या मागच्या गुऱ्हाळातल्या रसाचा. शाळेला एकच खोली. फळ्यावर सातचा पाढा अर्धा पुसलेला. खिडकीपाशी पुठ्ठ्याचा आडोसा, त्यामागे मत द्यायचं. आमच्या साहेबांचं नाव सक्सेना, एका कॉलेजात इतिहास शिकवायचे, आणि त्या दिवशी घसा बसल्यामुळे सगळा इतिहास खुणांनी सांगत होते. माझं काम सोपं. बाई किंवा बुवा आला की यादीत नाव शोधायचं, क्रमांक आणि नाव मोठ्यानं वाचायचं, उमेदवारांचे गावातले प्रतिनिधी शेजारच्या बाकावर बसलेले असत त्यांनी मान डोलावली की लाल पेनानं नावाखाली रेघ ओढायची. बाई असेल तर रेघ आणि बाजूला बरोबरची खूण. मग पुढचा माणूस बोटाला शाई लावे, त्यापुढचा मतपत्रिका देई.

आठ वाजता दार उघडलं आणि धुक्यातून बायकांची रांग आत आली. सगळ्या डोक्यापासून छातीपर्यंत पदर ओढलेल्या. मला चेहरे दिसत नव्हते, फक्त हात दिसत होते. हातांना नाव विचारायचं.

"नाव?"

"रामरती."

बोट यादीवर खाली सरकलं. रामरती सापडली. यादीत नुसतं रामरती नसतं, पुढे नवऱ्याचं नाव असतं. मी विचारलं, "पति का नाम?"

पदराआडून काही नाही. पुन्हा विचारलं. मागच्या बायका खुदखुदायला लागल्या. "कैसे लेगी साहब," कुणीतरी म्हणालं, "आदमी का नाम लिया जाता है कहीं?"

इथे माझ्यातला मिरजेचा मुलगा आड आला. माझ्या आईनं बाबांचं नाव आयुष्यात फक्त उखाण्यात घेतलं होतं, तेही सगळ्या बायकांनी दार अडवून धरल्यावर. रेशनकार्डावर नवऱ्याचं नाव विचारलं तरी ती माझ्याकडे बोट दाखवून म्हणायची, "ह्याचे बाबा." एका बाईला पंचवीस माणसांत नवऱ्याचं नाव घ्यायला लावायचं, हे मला असभ्य वाटलं. मी सभ्य होतो. मी क्रमांक वाचला, "रामरती" म्हटलं, बाकावरचे प्रतिनिधी चहाच्या कुल्हडात नाक घालून म्हणाले, "हाँ हाँ, यहीं की है," आणि मी रेघ ओढली, बरोबरची खूण केली. ती बाई खोटी नव्हती. रामरतीच होती. त्याच गावची होती.

पान उलटलं असतं तर दुसरी रामरती दिसली असती. पुढच्याच पानावर, वरून चौथी.

अम्मा बाराच्या सुमाराला आली. धुतलेली पिवळी साडी, केसांना तेल, आणि पदर फक्त कपाळापर्यंत. आत येताच रांगेतल्या बायकांकडे वळून म्हणाली, "ये हमारे भैया हैं. कॉलोनी वाले." मला संकोच वाटला आणि बरंही वाटलं. मी ऐटीत पेन उचललं.

"हाँ अम्मा, नाम बोलो."

"रामरती."

मला ते नाव ओळखीचं वाटलं, एवढंच. यादीवर बोट नेलं. बाकावरच्या एकानं तिच्या नवऱ्याचं नाव सांगितलं. त्या नावाची रामरती पहिल्या पानावर होती, आणि तिच्याखाली माझी लाल रेघ होती. बाजूला सुरेख, वळणदार बरोबरची खूण. मी पान उलटलं. दुसरी रामरती कोरी.

एखाद्या क्षणात किती गोष्टी मावतात याचं मला अजून नवल वाटतं. मला सगळं कळलं होतं. कुणाची चूक, कशामुळे, आणि ती दुरुस्त कशी होईल तेही. सक्सेना साहेबांना म्हणायचं, सर, सकाळी मी चुकीच्या ओळीवर खूण केली, ही बघा खरी ओळ. ते खुणेनं मला दोन शिव्या देते, डायरीत चार ओळी लिहिते, प्रतिनिधींची सही घेते, आणि अम्मा पेटीत मत टाकती. पण त्या चार ओळींत माझं नाव आलं असतं. नोकरी नवी होती. खुलासा मागतील, शेरा बसेल, 'प्रथम'चं काय होईल.

"पाटणकर जी," सक्सेना साहेब घोगऱ्या आवाजात म्हणाले, "सुबह कोई और डाल गई क्या?"

"होगी कोई, सर," मी म्हणालो. "घूँघट में थी."

बाकावरचा एकजण मांडीवर थाप मारून हसला. "अरे, फिर इसकी जिठानी होगी. उसका तो पुराना धंधा है."

"उसकी उँगली पे तो सुबह ही स्याही लग गई थी," दुसरा म्हणाला.

"स्याही का क्या, पपीते के दूध से छूट जाती है."

खोली हसली. अम्मा हसली नाही. ती माझ्याकडे बघत होती, यादीकडे नाही. "फिर डाल गई, भैया?"

मी यादीकडे बघितलं.

नियमात अशा माणसासाठी सोय असते. ज्याच्या नावावर आधीच मत पडलंय त्याला वेगळी मतपत्रिका देतात. तो शिक्का मारतो आणि घडी घालून ती पेटीत न टाकता साहेबांच्या हातात देतो. साहेब ती एका लिफाफ्यात घालून लाखेनं बंद करतात. तो लिफाफा मोजणीत उघडत नाहीत. कोर्टात कज्जा गेला तरच उघडतो, आणि कज्जा सहसा जात नाही. मोजायचंच नाही असं ते मत. अम्मानं आडोशामागे बराच वेळ घेतला. बाहेर आली, पेटीकडे निघाली, सक्सेना साहेबांनी हात पुढे केला.

"डब्बे में नहीं?" तिनं मला विचारलं.

गोष्टीत लोक हसतात ती ही जागा. मी म्हणालो, "अम्मा, डब्बे में तो सबका जाता है. तुम्हारा अलग लिफाफे में जाएगा. सील लगेगी."

तिनं लाख वितळताना पाहिली. शिक्का उमटताना पाहिला. मग तिचा चेहरा उजळला, खोटं नाही सांगत. जाताना दारातल्या बायकांना ती म्हणाली, "तुम सबका डब्बे में. हमार लिफाफे में गया है, मोहर लगा के."

सतरंजीवरची गोष्ट इथे संपते. लोक टाळ्या देतात, कुणीतरी पान देतं.

*

घरी येऊन मी आईला आणि बाबांना खरं सांगितलं, कारण ते पोटात ठेवून जेवता येईना. आई म्हणाली, "उद्या ती आली की सांग. तूच सांग, मी मध्ये पडणार नाही." बाबा पेन्सिलीला टोक करत होते. म्हणाले, "एका मतानं निकाल बदलत नाही. म्हणून तर चुकणाऱ्याला झोप लागते." मला ते वाक्य सांत्वनाचं वाटलं. झोप लागलीही.

दुसऱ्या दिवशी अम्मा आली नाही. तिसऱ्या दिवशी आली तेव्हा आवाज बसलेला होता. जिठानीशी कडाक्याचं भांडण झालं होतं. जिठानीनं गंगामाईची शपथ घेतली, मी नाही टाकलं, बोट बघा म्हणाली. कुणी विश्वास ठेवला नाही. एकदा टाकलं म्हणजे नेहमीच टाकणार. "हम नहीं बोलेंगे अब उससे," अम्मा म्हणाली. "लिफाफा न होता तो हमार तो गया ही था." मी तोंडात ब्रश धरून उभा होतो. ब्रश तोंडात असताना बोलता येत नाही.

मी ठरवलं, निकाल लागू देत, मग सांगू. आचारसंहिता असते, वगैरे.

निकाल लागले. तीन दिवस घर वहीभोवती फिरत होतं. रेडिओ खिडकीत, टीव्ही बैठकीत, बाबा मधल्या दारात, दोन्हीकडे कान लावून. कुणालाच बहुमत नाही. बाबांनी चष्मा पुसला आणि म्हणाले, "आता बेरीज बाहेरच्या बाहेर होणार." अम्माच्या मतदारसंघातला फरक त्यांनी लिहिला तेव्हा मी मुद्दाम वाकून बघितला. हजारांत होता. तिचा उमेदवार पडला होता. सकाळी तिनं विचारलं, "भैया, हमार लिफाफा खुला था?"

"खुला, अम्मा."

हे दुसरं खोटं. पहिल्याला भीती तरी होती, याला तीही नव्हती.

मग मी ठरवलं, सरकार एकदा स्थिर होऊ दे. हे वाक्य आज लिहिताना माझं मलाच हसू येतं आणि ते हसू अर्ध्यावर थांबतं. उत्तर प्रदेशात, नव्वदीच्या दशकात, सरकार स्थिर होण्याची वाट बघणारा माणूस म्हणजे ज्याला सांगायचंच नाही तो माणूस. दोन पक्षांनी मिळून सरकार केलं, ते दीड वर्षात पडलं. दुसरं आलं, ते पावसाळ्यापुरतं टिकलं. मग राष्ट्रपती राजवट. बाबांच्या वहीच्या समासात पेन्सिलीचे बाण वाढत गेले आणि माझी निमित्तंही. अम्माकडून बातम्या हप्त्याहप्त्यानं यायच्या, मटार सोलून दाखवता दाखवता. अंगणात भिंत घातली. हातपंप भिंतीच्या त्या बाजूला गेला, म्हणून आता लांबून पाणी. जिठानीच्या नातीचं लग्न झालं, हिला बोलावणं नाही. "उन्नीस बरस एक चूल्हे पे रोटी सेंकी भैया," एकदा ती म्हणाली, "अब खाँसती है तो दीवार के पार से सुनते हैं."

आई माझ्याकडे बघायची. मी वर्तमानपत्राकडे.

शहाण्णवच्या चैतात आठ-दहा दिवस शेपू आला नाही. मग अम्मा आली, रिकाम्या हातानं. पायरीवर बसली. आईनं पाणी दिलं. "जिठानी नहीं रहीं," ती म्हणाली. बोलली होती का शेवटी, असं आईनं हळूच विचारलं. अम्मानं मान हलवली. "तेरहवीं में गए थे. पूड़ी बेली हमने. सब हमने बेली."

आता सांगून काय उपयोग, हे निमित्त तर सगळ्यांत भक्कम होतं. ते सहा महिने पुरलं.

*

त्याच वर्षी दसऱ्याच्या आधी पुन्हा निवडणूक झाली. ड्यूटीचं पत्र आलं तेव्हा मी पाठदुखीचं प्रमाणपत्र दिलं. पाठ दुखत नव्हती. मतदानाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी अम्मा नेहमीसारखी आली, पण टोपली खाली ठेवण्याआधीच तिनं डाव्या हाताचं बोट माझ्यापुढे धरलं. शाई ताजी होती, नखाच्या कडेनं पसरलेली.

"डब्बे में डाला, भैया. अपने हाथ से. किसी ने पहले नहीं डाला था."

"छान झालं अम्मा," मी मराठीतच म्हणालो.

ती टोपलीतल्या जुड्या सारख्या करत राहिली. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "देखा? वो नहीं रही, तो हमार वोट बच गया. सारा गाँव यही कह रहा था बूथ पे. कसम खाई थी गंगाजी की, झूठी."

इतके दिवस मी अम्माचं काय गेलं तेवढंच धरून बसलो होतो. एक मत, तेही पडलेल्या उमेदवाराचं. जिठानीचं काय गेलं, हे मी कधी मांडलंच नव्हतं. ती बाई एकदा खरं बोलली होती आणि त्याच एका खऱ्यावर खोटी ठरून गेली होती. आणि आता मेल्यावर तिच्याविरुद्ध पुरावाही मिळाला होता.

"अम्मा," मी म्हणालो, "वो निशान मैंने लगाया था."

तिला कळलं नाही. मी पुन्हा सांगितलं. सकाळी दुसरी रामरती आली, नवऱ्याचं नाव घेईना, मी विचारलं नाही, तुझ्या नावावर रेघ ओढली. तू आलीस तेव्हा मला कळलं होतं. तेव्हाच कळलं होतं. आणि लिफाफा उघडत नाहीत. कुणाचाच उघडत नाहीत.

आई आतून बाहेर येऊन उंबऱ्यात उभी राहिली होती. अम्मानं आधी तिच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. मला वाटलं ओरडेल. मी त्याची तयारी केली होती, किंबहुना मला ते हवंच होतं.

"तब बोल देते," ती म्हणाली, "तो?"

"तो डब्बे में जाता."

"हम वोट की नहीं पूछ रहे."

शेपूची जुडी तिनं आईच्या हातात दिली आणि टोपली डोक्यावर घेऊन उठली. "इतवार को आना," म्हणाली. "घर. वहाँ बोलना, जो यहाँ बोला."

रविवारी मी स्कूटरनं गेलो. आई म्हणाली, मी येऊ का. मी नको म्हणालो, आणि फाटकापाशी पोचल्यावर ती आली असती तर बरं झालं असतं असं वाटलं. अंगणात कमरेएवढी भिंत होती, कच्च्या विटांची, पावसानं वरच्या कडा गेलेल्या. भिंतीपलीकडे कडुनिंबाखाली एका खाटेवर अम्माचे जेठ बसले होते, जिठानीचे यजमान. सत्तरीचे असतील. जेठासमोर अम्मा बोलत नसे. तिनं पदर नाकापर्यंत ओढला, चुलीकडे तोंड केलं आणि त्यांच्या सुनेला म्हणाली, "बप्पा से कहो, कॉलोनी वाले बाबू कुछ कहने आए हैं."

आठ वर्षं आणि वर तीन, मी तिचा भैया होतो. सुनेनं निरोप सांगितला. चार शेजारी भिंतीपाशी जमले. मी सगळं पहिल्यापासून सांगितलं, उभ्यानं. आयुष्यात इतक्या वाईट पद्धतीनं मी कुठलीही गोष्ट सांगितली नाही. मध्येच नियम सांगितला, मध्येच धुकं सांगितलं, मध्येच नोकरी नवी होती ते. कुणी हसलं नाही. शेवटी म्हणालो, "उन्होंने नहीं डाला था. वो सच बोल रही थीं."

म्हाताऱ्यानं चुलीकडे तोंड करून उभ्या असलेल्या पिवळ्या पदराकडे एकदा बघितलं.

"हाँ," ते म्हणाले. "यही तो वो भी कहती थी."

आणि खाटेवरची आपली काठी उचलून त्यांनी मला बसायला जागा केली.